रवा, तूप आणि पाक : अरब घरांतील मिठाई

‘अरबी मिठाई’ म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे खजूर येतो आणि आपली कल्पनाशक्ती तेथेच थांबते. शाळेच्या भूगोलातला अरब वाळवंट, उंट आणि खजुराचे झाड यांच्या पलीकडे जात नाही, त्याचा हा परिणाम असावा. वास्तविक मोरोक्कोपासून ओमानपर्यंत पसरलेल्या या जगात (अरब लीगचे आज २२ सदस्य देश आहेत) बगदाद, दमास्कस, हलब, कैरो, फेज यांसारखी जुनी आणि गजबजलेली शहरे आहेत. या शहरांच्या मिठाईत खजूर असतो, नाही असे नाही. पण तिचा पाया गहू, तूप आणि साखर हाच आहे. म्हणजे आपल्या मांडणीवरच्या डब्यांत असणाऱ्याच तीन वस्तू.

या मिठाईविषयी वाचू लागले तेव्हा एका गोष्टीने मला अडवले. कोणतेही पाकपुस्तक उघडा किंवा मोबाइलवरील चित्रफीत पाहा, ‘घरी करा’ म्हटले की पहिली सूचना ठरलेली : ‘ओव्हन १८० अंशांवर तापवून घ्या.’ ज्या घरात ओव्हन नाही त्या घराने पुढची ओळ वाचायची कशाला? आमच्या घरी तो नाही, आणि या वार्षिकाच्या पुष्कळ वाचकांच्या घरीही नसावा. मग मनात आले की, ज्या बायकांनी पिढ्यान् पिढ्या ही मिठाई केली त्यांच्या घरी तरी तो होता काय? या एका प्रश्नाच्या मागे जाऊन जे हाती लागले ते येथे मांडते.

अरबी भाषेत पाकशास्त्रावरील लेखन फार जुने आहे. दहाव्या शतकात बगदादमध्ये इब्न सय्यार अल-वर्राक याने ‘किताब अल-तबीख’ म्हणजे ‘पाकाचे पुस्तक’ संकलित केले. त्याच नावाचे दुसरे, आटोपशीर पुस्तक मुहम्मद अल-बगदादी याने १२२६ साली लिहिले, ए. जे. आर्बेरी यांनी त्याचे इंग्रजी भाषांतर १९३९ साली प्रसिद्ध केले. मंगोलांनी बगदाद उद्ध्वस्त केले ते १२५८ साली. म्हणजे नगर बेचिराख होण्यापूर्वी अवघी ३२ वर्षे त्या नगरातील जेवणाची नोंद होऊन राहिली. हा अल-बगदादी मोठा रसिक असावा. सुखे सहा, असे तो सांगतो : अन्न, पेय, वस्त्र, स्त्रीपुरुषसंग, सुगंध आणि नाद, आणि या सहांत अन्न श्रेष्ठ, असा निकालही देतो. (महिनाअखेरीस वसतिगृहात त्याचे म्हणणे कोणी खोडून काढील असे वाटत नाही.)

याच पुस्तकात ‘खुश्कनानज’ नावाचा पदार्थ आहे. नाव मूळचे फारसी. ‘खुश्क नान’ म्हणजे कोरडी भाकरी. मैद्याला तिळाच्या तेलाचे मोहन द्यायचे, पीठ भिजवून ठेवायचे, त्याच्या लांबट पोळ्या लाटून मधोमध बदामाची पूड, साखर आणि गुलाबपाणी यांचे सारण घालायचे, कडा बंद करायच्या आणि भट्टीत भाजायचे. वाचताना आपल्या करंजीची आठवण झाल्याशिवाय राहात नाही. फरक इतकाच की आपण तळतो आणि ते भाजतात. तळण त्यांच्याकडेही आहेच. ‘झुलाबिया’ हा पाकात बुडवलेला तळणीचा पदार्थ या जुन्या पुस्तकांत आढळतो, आणि आपल्या पंगतीतली जिलबी ही त्याच नावाची नात होय. जिलबीचा हा इतिहास पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिरातील परशुराम कृष्ण गोडे यांनी शोधला, आणि आपल्याकडील तिचा उल्लेख पंधराव्या शतकातील एका जैन ग्रंथापर्यंत मागे नेला. एका मराठी पंडिताने पोथ्या चाळता चाळता जिलबीसाठी वेळ काढावा, ही मला फार आनंदाची गोष्ट वाटते.

शब्दांचा प्रवास उलट दिशेनेही झाला आहे. आपली ‘शर्करा’ फारसीत ‘शकर’ आणि अरबीत ‘सुक्कर’ झाली. आपले ‘नारंग’ तेथे ‘नारंज’ झाले, आणि त्याच कडू नारिंगाच्या फुलांचे अर्कपाणी सीरिया-लेबनॉनच्या मिठाईला तो विशिष्ट सुगंध देते. नारळाला तर अरबीत ‘जौज अल-हिंद’ म्हणजे ‘हिंदचे कवचीफळ’ असेच म्हणतात. उलट हलवा, आणि त्यावरून हलवाई, हे आपण तिकडून घेतले. ‘हुल्व’ म्हणजे गोड.

आता भट्टीकडे वळू. वर ‘भट्टीत भाजायचे’ असे लिहिले, ती भट्टी कोणाची? अरबीत तिला ‘फुर्न’ म्हणतात, आणि ती बहुधा घरात नसे, मोहल्ल्यात असे. मोरोक्कोतील जुन्या शहरांत प्रत्येक वस्तीला पाच गोष्टी हव्यातच असे मानत : मशीद, मुलांची शाळा, हम्माम, पाण्याचा नळ-हौद आणि सार्वजनिक भट्टी. सकाळी घरोघरी कणीक मळली जाई, मुले ती फळीवर घेऊन भट्टीवर पोहोचवीत, आणि भाजून झाल्यावर घेऊन येत. कोणत्या घराची भाकरी कोणती हे भट्टीवाला नुसत्या आकारावरून किंवा ठशावरून ओळखी. फेज व मराकेश येथे अशा भट्ट्या आजही चालू आहेत. इजिप्तमध्ये रमजान ईदच्या आधी ‘कहक’ नावाची सारणाची बिस्किटे करण्याची मोठी धामधूम असते. पूर्वी भट्टीवरून काळ्या पत्र्याची मोठी ताटे घरी आणायची, शेजारणींनी एकत्र बसून ती भरायची आणि डोक्यावरून पुन्हा भट्टीवर न्यायची, अशी रीत होती. आता घरोघरी गॅसचे ओव्हन आले आणि बाजारातही तयार कहक मिळतात, त्यामुळे ही मिरवणूक कमी झाली आहे.

आपल्याकडे हे अगदीच अपरिचित नाही. दिवाळीच्या आधी रवा, मैदा, साखर, तूप घेऊन बेकरीत जायचे आणि नानकटाईचा डबा भरून आणायचा, ही पद्धत महाराष्ट्रातील कित्येक गावांत होती, काही ठिकाणी अजून आहे. त्या डब्यातली नानकटाई आपण ‘घरची’ म्हणूनच पाहुण्यापुढे ठेवतो. बेकरीची म्हणत नाही. अरब गृहिणीचेही तसेच. माप तिचे, सारण तिचे, आकार तिचा. आगीपुरती भट्टी गावाची. तेव्हा ‘घरी भाजणे’ याचा अर्थ घरात ओव्हन असणे असा नव्हताच.

मात्र सगळीच मिठाई अशी घरची नसते, आणि हा फरक तिथले लोक पक्का जाणतात. बकलावा घ्या. कागदाहून पातळ पोळीचे कित्येक थर लावणे हे कसबी कारागिराचे काम; ती बहुतेक जण दुकानातून आणतात. (ती अरबांची की तुर्कांची की ग्रीकांची हा वाद मी येथे उकरीत नाही. युरोपीय संघाने २०१३ साली तुर्कस्तानातील गाझियान्तेपच्या बकलाव्याला भौगोलिक नामाचे संरक्षण दिले, तरी वाद मिटलेला नाही.) कुनाफाही मुख्यतः दुकानाचीच. पॅलेस्टाइनमधील नाब्लुस हे तिचे माहेर मानतात. शेवयांसारखे तंतू किंवा रव्याचा बारीक चुरा, त्याखाली खारटपणा काढून टाकलेले नाब्लुसचे पांढरे चीज, वर नारिंगी रंग आणि गरम गरम पाक. मोठ्या थाळीत भाजून ती उलटी करण्यासाठी मनगटात बळ लागते. घरी करणारे आहेत, पण तंतू बाजारातूनच आणतात.

घरची म्हणावी अशी मिठाई मुख्यतः रव्याची. तिच्यात मला दोन पदार्थ विशेष वाटले : मामूल आणि बसबूसा.

‘मामूल’ याचा शब्दार्थ ‘केलेले’, ‘हातून घडवलेले’. रव्याच्या पारीत खजूर, अक्रोड किंवा पिस्त्याचे सारण भरून केलेले हे छोटे वडीवजा पदार्थ सीरिया, लेबनॉन, पॅलेस्टाइन, जॉर्डन या पट्ट्यात मुसलमान ईदला करतात, ख्रिस्ती ईस्टरला करतात, आणि त्या प्रदेशातून गेलेले यहुदी पूरिम सणाला करतात. एकाच गल्लीत तीन धर्मांच्या सणांना एकच साचा चालावा, याची नोंद इतिहासाच्या पाठ्यपुस्तकात सहसा सापडत नाही. साचा लाकडी, मुठीचा, एकाच तुकड्यात कोरलेला. आपला मोदकाचा साचा दोन पाखांचा असतो व उघडून मोदक काढावा लागतो. हा साचा पाटाच्या कडेवर उलटा आपटायचा की मामूल हातात पडतो. सर्वसाधारण संकेत असा की चपटा गोल साचा खजुराचा, घुमटासारखा अक्रोडाचा आणि लांबट पिस्त्याचा. म्हणजे खाण्यापूर्वीच आत काय आहे ते कळते.

पिठात साखर नसते. तीन वाट्या बारीक रव्याला एक वाटी पातळ केलेले तूप चोळायचे आणि झाकून रात्रभर ठेवायचे. सकाळी गुलाबपाणी व थोडे दूध शिंपडून गोळा जमेल इतकेच ओले करायचे. खजूर बिया काढून, तुपाच्या हाताने कुटून, वेलची घालून त्याच्या गोळ्या कराव्यात. पारीत सारण भरून, साच्यात दाबून, आपटून काढले की भाजायचे. मामूल वरून फिकटच राहिला पाहिजे. बूड तेवढे बदामी झाले की उतरवायचा. गरम असताना हात लावला तर मोडतो. अक्रोड-पिस्त्याच्या मामूलवर निवल्यानंतर पिठीसाखर भुरभुरवतात, खजुराच्या मामूलवर बहुधा नाही.

असा एक साचा मी प्रत्यक्ष पाहिला आहे. आमच्या शेजारच्या चाची (सगळी वाडी त्यांना चाचीच म्हणते) १९८२ पासून कुवेतमध्ये राहात होत्या. त्यांच्या इमारतीत एक पॅलेस्टिनी कुटुंब होते आणि तिथल्या बाईंकडून त्या हे सारे शिकल्या. ऑगस्ट १९९० मध्ये इराकने कुवेतवर आक्रमण केले. त्यानंतर दीड लाखाहून अधिक भारतीयांना जॉर्डनमधील अम्मानमार्गे विमानांनी मुंबईला आणण्यात आले; आमच्या रत्नागिरी जिल्ह्यातील कितीतरी घरांत ती आठवण आजही निघते. चाचींचे भांडीकुंडी, कपाट, शिवणयंत्र सारे तिथेच राहिले. कपड्यांच्या बोचक्यात साचा आला, कारण तो शेजारणीने निघताना दिला होता. पुढे त्या पॅलेस्टिनी कुटुंबाचे काय झाले ते चाचींना कधी कळले नाही. युद्धानंतर कुवेतमधील बहुसंख्य पॅलेस्टिनींनाही देश सोडावा लागला, हे मी वाचले तेव्हा त्यांना सांगितले. त्या काही वेळ गप्प बसल्या आणि मग म्हणाल्या, “तिची माँ नाब्लुसवरून निघाली तवाबी साचाच घेऊन निघाली व्हती, बाय.”

२०११ पासूनच्या सीरियातील युद्धाविषयी वाचताना हे वाक्य मला आठवते. २०१२ साली हलबचा जुना बाजार आगीत जळाला. दुकानाची मिठाई गल्लीवर, कारागिरावर, गिऱ्हाइकावर अवलंबून असते. ती सारी उठली की दुसऱ्या देशात नव्याने मांडावी लागते, आणि बर्लिनच्या सोनेनअॅले रस्त्यावर सीरियन हलवायांनी ती मांडलीही आहे. घरच्या मिठाईला लागतो रवा, तूप आणि एक लाकडाचा तुकडा. अल-वर्राक आणि अल-बगदादी यांची पुस्तके पुरुषांनी, खात्यापित्या वर्गासाठी लिहिली. ज्यांना लिहिता येत नव्हते अशा बायकांचे पाकशास्त्र या साच्यांतून हातोहात आले. माझ्या आजीचेही एकही माप कोठे लिहिलेले नाही; ‘मूठभर’ आणि ‘नखभर’ हीच तिची परिमाणे होती.

बसबूसा मात्र साच्यावाचूनही होते, आणि ज्यांना करून पाहायचे आहे त्यांनी येथूनच सुरुवात करावी असे मी सुचवीन. इजिप्तमध्ये बसबूसा, सीरिया-पॅलेस्टाइनकडे हरीसा, लेबनॉनमध्ये नमूरा, अशी तिला नावे आहेत. (ट्युनिशियात ‘हरीसा’ मागितली तर मिरचीची चटणी पुढे येते, तेव्हा जपून.) ही थाळीत भाजलेली, पाक प्यायलेली रव्याची वडी होय.

दोन वाट्या जाड रवा, एक वाटी साखर, अर्धी वाटी सुके खोबरे किसून आणि एक चहाचा चमचा बेकिंग पावडर एकत्र करावी. त्यात पाऊण वाटी पातळ तूप घालून बोटांनी चोळावे. प्रत्येक कणाला तूप लागले पाहिजे. मग एक वाटी दही घालून हलक्या हाताने कालवावे. मळू नये. चाची म्हणतात, “रव्याला तूप पाजायचं, मारायचा नाय.” यामागे शास्त्र आहे. गव्हाच्या पिठात पाणी पडून ते मळले गेले की चिवटपणा येतो. तुपाचे आवरण आधी बसले की पाणी कणापर्यंत सावकाश जाते आणि वडी चिवट न होता भुसभुशीत राहते. आपण शिऱ्याला रवा आधी तुपावर भाजतो, येथे रवा कच्चाच घ्यायचा. भाजण्याचे काम थाळीत होते. अरबी रवा कठीण जातीच्या पिवळसर गव्हाचा असतो. आपल्याकडील बन्सी गहू त्याच जातीचा, म्हणून बन्सी रवा मिळाल्यास उत्तम. न मिळाल्यास साधा जाड रवा चालतो.

थाळीला तूप लावून (तिकडे पुष्कळ ठिकाणी तिळाची ताहिना लावतात) मिश्रण दोन बोटे जाडीचे पसरावे, अर्धा तास मुरू द्यावे, सुरीने शंकरपाळ्यासारख्या चौकटी आखून प्रत्येकीवर एक बदाम टोचावा. बदाम महाग वाटला तर शेंगदाणा टोचण्यास माझी हरकत नाही, अरबांची असेल.

भाजण्यासाठी मी जी रीत वापरते ती अरबी नव्हे, आमच्या कोकणाची आहे. काकडीचे धोंडस करताना पातेल्याखाली विस्तव आणि झाकणावर निखारे ठेवतात. तेच येथे करावे. जाड बुडाच्या पातेल्यात बोटभर जाडीचा मिठाचा थर घालून, त्यावर अडणी ठेवून, झाकण लावून पातेले दहा-पंधरा मिनिटे तापवावे. मग थाळी आत ठेवून मंद आंचेवर पाऊण तास भाजावे. शेवटच्या दहा मिनिटांत झाकणावर निखारे ठेवावेत म्हणजे वरची बाजू तांबूस होते. गॅस असेल आणि निखारे नसतील तर लोखंडी तवा खूप तापवून झाकणाऐवजी ठेवावा. मीठ जपून ठेवावे, पुढच्या वेळी तेच वापरता येते.

राहिला पाक, आणि खरा फरक येथेच आहे. आपल्या पाकातल्या रवालाडवांना एकतारी पाक लागतो, कारण निवल्यावर साखरेचे कण पुन्हा धरले पाहिजेत. त्यावरच लाडू वळतो. अरबांना नेमके उलटे हवे असते. त्यांचा पाक, ‘कत्र’, कधीच गोठता कामा नये. म्हणून दोन वाट्या साखर व एक वाटी पाणी उकळताना त्यात लिंबाचा रस पिळतात. लिंबाच्या आम्लाने काही साखरेचे विघटन होऊन ग्लुकोज व फ्रुक्टोज तयार होतात, आणि हे मिश्रण पुन्हा कणीदार होत नाही. साखर विरघळेपर्यंत ढवळावे, उकळी आल्यावर चमचा लावू नये. सात-आठ मिनिटांनी उतरवून गुलाबपाणी घालावे. बोटाला चिकटावा, पण तार येऊ नये. पाक थंड आणि वडी गरम, किंवा वडी थंड आणि पाक गरम, असा नियम आहे. चाची पहिली रीत पाळतात : थाळी विस्तवावरून उतरताच पुन्हा आखलेल्या रेषांवर सुरी फिरवायची आणि गार पाक सावकाश सगळीकडे सोडायचा. तो चुर्र असा आवाज करीत आत जातो. पाक जास्त झाला असे पाहताना वाटते; दोन तासांत सगळा जिरतो.

मामूल पत्र्याच्या डब्यात तीन-चार आठवडे टिकतात. बसबूसा तितकी टिकत नाही, पण पहिल्या दिवसापेक्षा दुसऱ्या दिवशी अधिक चांगली लागते, म्हणून ती आदल्या दिवशी करावी. आणि कोकणात करणार असाल तर डबा परातीत पाणी घालून त्यात ठेवावा; लिंबू-गुलाबपाण्याच्या पाकाचा वास आमच्या मुंग्यांना फार लांबून लागतो.